आईच्या वहीतले खाडे : सर्वधर्म परिषदेच्या संयोजकांना आणि धर्मगुरूंना खुले पत्र

प्रति,
सर्वधर्म परिषदेचे संयोजक मंडळ,
तसेच परिषदेच्या व्यासपीठावर बसणारे सर्व महाराज, भन्ते, मौलाना, फादर, ज्ञानीजी आणि स्वामीजी,

स.न.वि.वि.

भाद्रपदात आपल्यापैकी दोघे माझ्या शाळेत आले होते. पोषण आहाराच्या खोलीबाहेर खुर्च्या टाकून आपण बसलो. "बाई, तुमचा धर्मांचा अभ्यास आहे, परिषदेत बोला," असं आपण म्हणालात. विषय मी सुचवला : ‘मुक्ती : ज्यू धर्मात आणि इतर धर्मांत’. आपल्याला तो आवडला. टिपण मागितलंत, मी आठ पानं लिहून पाठवली. मग आठ दिवसांनी फोन आला. उचल, मुकादम, खाडा हे ऊसतोडीचे शब्द काढा. ज्यूंचं कशाला, आपल्याकडे ज्यू आहे कोण? त्यापेक्षा ‘सर्व धर्मांतील मनःशांती’ यावर बोला, हे व्यासपीठ धर्माचं आहे, राजकारणाचं नाही. मी नाही म्हटलं. छापील पत्रिकेत माझं सत्र नव्हतं.

पत्रिकेत नाव नसल्याने माझं काही अडलेलं नाही. पण जे कारण दिलं गेलं ते मला गप्प बसून मान्य करता येत नाही, म्हणून हे पत्र सगळ्यांसमोर लिहिते आहे.

माझे आईवडील ऊसतोड कामगार होते. नवरा-बायको मिळून एक कोयता. आमच्याकडे माणसं मोजत नाहीत, कोयते मोजतात. एकटा माणूस असेल तर तो अर्धा कोयता. दसरा झाला की मुकादमाचा, म्हणजे टोळी नेणाऱ्या ठेकेदाराचा, माणूस दारात यायचा, उचल म्हणजे मजुरीवरची आगाऊ रक्कम घेतलेली असायची, आणि चुलीवरची भांडी, दोन गोधड्या, शेळी आणि आम्ही पोरं असं सगळं ट्रकमध्ये चढायचं. कारखान्याचा पट्टा पडेपर्यंत, म्हणजे गाळप संपेपर्यंत, पार चैत्रापर्यंत, गाव बंद.

हे लिहिताना माझ्यापुढे एक वही आहे. शंभर पानी, कव्हर गेलेलं, वरच्या कोपऱ्याला काकवीचा डाग. वडिलांनी मुकादमाकडून हिशेब उतरवून घेतलेली. ते तिसरीपर्यंत शिकलेले, त्यामुळे अक्षर मोठं आणि वाकडं. एका ओळीत तारीख, पुढे टनाचा आकडा. ज्या दिवशी कामाला खंड पडला तिथे आकडा नाही, ‘खाडा’ असं लिहिलेलं. खाड्याच्या दिवसाची मजुरी तर बुडतेच, वर दंड चढतो आणि तो उचलीत मिळवला जातो. एका पानावर ओळीने चार खाडे आहेत. माझा धाकटा भाऊ कोपीत, फडाजवळच्या झोपडीत, जन्मला, तेच हे चार दिवस. पाचव्या दिवशी पुढे टनाचा आकडा आहे. मी चौथीत होते. आईला वाचता येत नसे, तिने मला ते पान वाचायला लावलं आणि बोट ठेवून विचारलं, "ह्यो माझ्या लेकराचा जन्म व्हय?" मी म्हटलं, "न्हाई, खाडा लिवलंय."

आता माझी गाऱ्हाणी.

पहिलं, आणि सगळ्यांत मोठं, हे की कर्ज, मजुरी आणि सुट्टी हे धर्माचे विषय नाहीत असं आपण ठरवून टाकलंत. ज्यू धर्म मी निवडला तो नेमका याचसाठी. त्या धर्माचा पायाच एका वेठबिगारीतून सुटलेल्या लोकांच्या आठवणीवर उभा आहे. इस्राएली लोक, म्हणजे ज्यूंचे पूर्वज, मिसर देशात (इजिप्तमध्ये) फारो राजाच्या विटा पाडत होते. त्यांचा पुढारी मोशे फारोपुढे जाऊन पहिल्यांदा काय मागतो? तीन दिवस रानात जाऊन देवाचा सण करू दे, एवढंच. फारो म्हणतो, तुम्ही आळशी झालात म्हणून हे सुचतंय. आणि हुकूम काढतो : यापुढे विटांसाठी पेंढा मिळणार नाही, तो तुम्हीच गोळा करा, विटा मात्र रोज तेवढ्याच भरल्या पाहिजेत. बायबलमधल्या ‘निर्गम’ या ग्रंथाच्या पाचव्या अध्यायात हे आहे. फारोने ज्यांना हा हुकूम दिला त्यांच्यासाठी मराठी बायबलने कोणता शब्द वापरला आहे, तो एकदा उघडून पाहा. मुकादम. भाषांतर करणाऱ्यांना दुसरा शब्द सापडला नाही, कारण मराठीत त्या कामाला तोच शब्द आहे.

त्या सुटकेतून जो कायदा निघाला त्यात शब्बाथ आहे. सातव्या दिवशी काम बंद. हा दिवस फक्त मालकाच्या प्रार्थनेसाठी नाही. बायबलमधल्याच ‘अनुवाद’ नावाच्या ग्रंथात कारण स्पष्ट दिलं आहे : तुझ्यासारखाच तुझ्या दासाला आणि दासीलाही विसावा मिळावा, तूही मिसर देशात दास होतास याची आठवण ठेव. बैलाचं आणि गाढवाचंही नाव त्यात घेतलेलं आहे. आमच्याकडे बैलाला पोळा आहे. आदल्या दिवशी त्याच्या खांद्याला हळद-लोणी लावतात, पोळ्याला त्याला जुंपत नाहीत. माझ्या आईला सहा महिन्यांत असा एकही दिवस नव्हता, आणि तिने तो घेतला तर त्याचं नाव खाडा होतं.

त्याच ग्रंथात दर सात वर्षांनी कर्ज सोडून द्यायला सांगितलं आहे. दास मोकळा करताना त्याला रिकाम्या हाताने पाठवू नकोस. कळपातलं, खळ्यातलं, द्राक्षकुंडातलं भरभरून दे, असंही आहे. गरीब मजुराची मजुरी दिवस मावळायच्या आत द्या, असं आहे. लेवीय ग्रंथात पन्नासाव्या वर्षाचा योबेल आहे : शिंग फुंकायचं, देशभर सुटकेची घोषणा करायची, विकावी लागलेली जमीन मूळ घराण्याकडे परत जायची. हे सगळं जसंच्या तसं पाळलं गेलं असं मी म्हणत नाही. सातवं वर्ष जवळ आलं की लोक गरिबाला कर्जच देईनासे झाले, तेव्हा हिल्लेल या थोर गुरूने प्रोझबुल नावाची तोड काढली, कर्ज न्यायालयाच्या हवाली केलं की ते बुडणार नाही अशी. ती बरोबर की चूक यावर ज्यू पंडित आजवर वाद घालतात. मला यात एक गोष्ट फार मोलाची वाटते. त्यांच्या धर्मगुरूंनी कर्जाची वही हातात घेतली, तिच्यात डोकं घातलं, भांडले. आपण ती वही व्यासपीठावर आणू नका म्हणालात.

दुसरं गाऱ्हाणं : ज्यू धर्माचा आपल्याशी काय संबंध, हा प्रश्न. संबंध मराठीचा आहे. कोकणातले ज्यू, बेने इस्राएल, पिढ्यान्‌पिढ्या मराठी बोलत आले. लोक त्यांना शनवारतेली म्हणत, कारण ते तेलाचा धंदा करत आणि शनिवारी त्यांचा घाणा बंद असे. वल्हांडणाच्या, म्हणजे मिसरातल्या सुटकेच्या सणाच्या, रात्री घरोघर जे पुस्तक वाचतात ते हग्गादा १८७४ साली पुण्यात हिब्रू आणि मराठीत छापलं गेलं, आणि त्यातल्या चित्रात बेखमीर भाकरी करणाऱ्या बायका आपल्याकडच्या लुगड्यात आहेत. मोशेची कथा त्यांनी मराठी कीर्तनात बसवली, आपल्या महाराजांसारखीच पूर्वरंग-उत्तररंगाच्या घाटाने. त्या रात्री घरातलं सगळ्यांत धाकटं पोर प्रश्न विचारतं की आजची रात्र इतर रात्रींहून वेगळी का, आणि मोठ्यांनी उत्तर द्यायचं असतं : आम्ही फारोचे दास होतो. प्रत्येकाने, प्रत्येक पिढीत, आपण स्वतः मिसर देशातून बाहेर पडलो असं समजायचं असतं. ताटात कडू पाला असतो, तो चाखायचा असतो. माझ्या वर्गात तेवीस मुलं आहेत. दिवाळीनंतर अकरा उरतात. त्यातल्या एकाने मला मागच्या वर्षी विचारलं, "बाई, बाकीचे का गेले?" मला त्या ताटाची आठवण झाली.

आणि बाहेरच्यांचं नको असेल तर तुकोबांकडे चला. महिपतींनी त्यांचं चरित्र सांगितलं तेव्हापासून आपण सगळे ऐकत आलो की दुष्काळानंतर तुकोबांनी सावकारीची खतं, म्हणजे कर्जाचे कागद, भावाबरोबर वाटून घेतली आणि आपल्या वाट्याची इंद्रायणीत बुडवली. अभंगाच्या वह्या तरंगल्या, हे प्रत्येक कीर्तनात येतं. खतं बुडवली, हे किती कीर्तनांत येतं? तुकोबांनी एका दिवसात आपल्यापुरता योबेल केला, तेही त्या ग्रंथाचं नाव न ऐकता.

तिसरं. मुक्ती मेल्यानंतरची असते, इथे फक्त मन शांत ठेवायचं, असं आपण सगळ्यांनी मिळून सांगता. मराठवाड्यात तरी हे सांगू नका. आमच्या शाळेत १७ सप्टेंबरला झेंडा लावतो तो मुक्तिसंग्राम दिनाचा. १९४८ मध्ये निजामाची सत्ता संपली त्याला आम्ही मुक्तीच म्हणतो. त्या लढ्याचे नेते स्वामी रामानंद तीर्थ भगव्या वस्त्रातले संन्यासी होते, संन्यास घेण्याआधी त्यांनी ना. म. जोशींबरोबर कामगार चळवळीत काम केलं होतं, आणि अंबाजोगाईच्या शाळेत ते मास्तर होते. बाबासाहेबांनी १९३६ साली मुंबईत भाषण केलं त्याचं नाव ‘मुक्ती कोन पथे?’, आणि वीस वर्षांनी, १४ ऑक्टोबर १९५६ ला, नागपुरात त्या प्रश्नाचं उत्तर दिलं. बाबासाहेबांनी मोशेवरही लिहिलं आहे. दास्यातून माणसं बाहेर काढणाऱ्याकडे त्यांचं लक्ष जाणारच.

आपल्या एकेकाच्या ग्रंथाबद्दल मी थोडंच लिहिते, आपल्याला ते माझ्याहून जास्त पाठ आहे. फादर, आपण रोज म्हणता त्या प्रार्थनेत, मत्तयाच्या मराठी पाठात, शब्द ‘ऋण’ आहे. आम्ही आपल्या ऋण्यांना ऋण सोडलं तशी तू आमची ऋणे सोड. येशू नासरेथच्या सभास्थानात उभा राहून यशयाचं पुस्तक उघडतो आणि बंदिवानांच्या सुटकेची ओळ वाचतो. मौलानासाहेब, कुरआनच्या नव्वदाव्या सूरेत चढणीची अवघड वाट सांगितली आहे, आणि ती वाट म्हणजे मान सोडवणं, गुलाम मोकळा करणं. जकात कोणाला द्यायची त्या यादीत कर्जात बुडालेला माणूस आहे. मजुराचा घाम वाळायच्या आत त्याची मजुरी द्या, हे तर लहान पोरंही सांगतात. इस्लामचे अभ्यासक असगर अली इंजिनिअर यांनी याच धाग्याने आयुष्यभर इस्लामची मांडणी केली. भन्ते, बुद्धांच्या सिगालोवाद सुत्तात मालकाची पाच कर्तव्यं आहेत : ताकद पाहून काम द्यावं, अन्न आणि मजुरी द्यावी, आजारपणात सेवा करावी, गोडधोड वाटून खावं, आणि वेळेवर सुट्टी द्यावी. सुट्टी, भन्ते. आणि गृहस्थाच्या चार सुखांत भगवंतांनी अनणसुख, कोणाचं देणं नसण्याचं सुख, गणलं आहे. माझ्या वडिलांना ते एक दिवसही मिळालं नाही. स्वामीजी, बसवण्णांचं कल्याण, आजचं बसवकल्याण, आमच्यापासून लांब नाही. त्यांनी कष्टालाच कायक म्हणून पूजेचा मान दिला, आणि हरळय्या चांभाराच्या मुलाचं मधुवरस या ब्राह्मणाच्या मुलीशी लग्न झालं म्हणून ते नगर पेटलं. ज्ञानीजी, नांदेडच्या लंगरात मी जेवले आहे, सगळ्यांबरोबर जमिनीवर, एका पंगतीत, तिथे मला कोणी कोयता म्हणून मोजलं नाही. महाराज, आपल्या गंगाखेडची जनाबाई दासी होती आणि तिचा देव जात्यापाशी येऊन तिच्याबरोबर दळायला बसला. मनःशांती लाभो म्हणून आशीर्वाद देऊन निघून गेला नाही. खुंट्याला हात लावला.

चौथं गाऱ्हाणं ‘राजकारण’ या शब्दाचं. हा शब्द जगभर असाच वापरला गेला आहे. लॅटिन अमेरिकेत १९६८ साली कोलंबियातल्या मेदेयीन शहरात बिशप जमले आणि गरिबांच्या बाजूने बोलले. पेरूचे गुस्तावो गुतिएरेझ हे धर्मगुरू लिमाच्या गरीब वस्तीत राहिले आणि १९७१ मध्ये त्यांनी या विचाराला मुक्तीचं धर्मशास्त्र हे नाव देणारा ग्रंथ लिहिला. त्यांनाही हेच ऐकावं लागलं, की हा धर्म नव्हे, हे राजकारण. एल साल्वादोरचे आर्चबिशप ऑस्कर रोमेरो यांनी २३ मार्च १९८० च्या प्रवचनात सैनिकांना सांगितलं की आपल्याच लोकांवर गोळ्या झाडू नका. दुसऱ्या दिवशी मिस्सा, म्हणजे चर्चमधली उपासना, चालू असताना त्यांना गोळी घातली. पुढे कॅथलिक चर्चनेच २०१८ मध्ये त्यांना संत म्हणून जाहीर केलं. अमेरिकेत १९६५ साली सेल्मा इथे काळ्या लोकांच्या मतदानाच्या हक्कासाठी मोर्चा निघाला, त्यात मार्टिन ल्यूथर किंग यांच्या रांगेत पांढऱ्या दाढीचे एक ज्यू पंडित चालत होते, अब्राहम जोशुआ हेशेल. त्या वाटेवर आपले पाय प्रार्थना करत होते, असं त्यांनी नंतर लिहिलं. पंढरीच्या वाटेवर चाललेल्या कोणालाही हे समजावून सांगावं लागणार नाही.

एक गाऱ्हाणं माझं माझ्याच माणसांबद्दल आहे, ते लपवणं बरोबर नाही. माझा सख्खा चुलता आधी कोयता होता, मग मुकादम झाला. आईच्या वहीतले ते चार खाडे त्याच्याच अक्षरातून उतरवलेले आहेत. तो वाईट माणूस नव्हता. कारखान्याकडून त्याच्यावरही दाब होता, टोळी पळाली तर पैसे त्याच्या अंगावर येणार होते. मिसर देशातही फारोच्या मुकादमांखाली जे नायक होते ते इस्राएलीच होते, आणि विटा कमी भरल्या की मार त्यांना पडायचा. मार्क एलिस या ज्यू विचारवंताने १९८७ मध्ये ज्यू मुक्तीच्या धर्मशास्त्रावर ग्रंथ लिहिला तेव्हा हाच काटा हातात घेतला : ज्यांनी सगळं भोगलं त्यांच्या हाती सत्ता आल्यावर त्यांच्या सत्तेखाली असलेल्यांचं काय? त्यांनी पॅलेस्टिनी लोकांचं दुःख आपल्या धर्माच्या मधोमध ठेवलं आणि स्वतःच्या समाजाचा रोष घेतला. तोरा, ज्यूंचा मूळ धर्मग्रंथ, पुन्हा पुन्हा सांगते, परक्याला जाचू नकोस, तूही मिसरात परका होतास. आमच्यातले जे मुकादम झाले, पुढारी झाले, आणि माझ्यासारखे पगारी नोकर झाले, त्यांना हे वाक्य कोणी सांगायचं? ते काम आपलं होतं.

शेवटचं गाऱ्हाणं साधं आहे. परिषद मार्गशीर्षात आहे, सप्ताहही त्याच सुमाराला बसतात. तेव्हा अर्धं गाव फडात असतं. काल्याच्या पंगतीचे फलक लागतात, त्यावर देणगीदार म्हणून मुकादमांची नावं असतात, आणि ज्यांच्या घामातून ती देणगी आली ते पंगतीला नसतात. २०१९ मध्ये बीड जिल्ह्यातल्या ऊसतोड बायकांची गर्भाशयं काढल्याचा प्रश्न विधिमंडळात गेला, समिती बसली. पाळी आली की खाडा पडतो, म्हणून पिशवीच काढून टाकायची, असं बायका एकमेकींना सांगत होत्या. त्या वर्षी मी तीन सप्ताह आणि दोन परिषदा ऐकल्या. त्यावर एक शब्द मला ऐकू आला नाही.

माझ्या मागण्या या आहेत.

परिषदेच्या कार्यक्रमात ‘कर्ज, मजुरी आणि विसावा’ यावर एक सत्र ठेवा. मी बोलले नाही तरी चालेल, पण फडात राबलेल्या एका बाईला तिथे माइक द्या.

दसऱ्याच्या आधीच्या आठवड्यात, टोळ्या निघण्यापूर्वी, आपल्या प्रत्येकाच्या मंदिरात, विहारात, मशिदीत, चर्चमध्ये, मठात आणि गुरुद्वारात कामगारांचा उचलीचा हिशेब लेखी करून द्यायला एक शिकलेला माणूस बसवा. दोन प्रती काढा, एक कामगाराच्या हातात राहू द्या. वेठबिगारी १९७६ च्या कायद्याने बंद झाली आहे, हे त्याला त्याच वेळी वाचून दाखवा.

फडात आठवड्याला एक दिवस विसावा मिळावा आणि आजारपण, पाळी, बाळंतपण यांचा खाडा लावू नये, असं सगळ्या धर्मगुरूंच्या सहीचं एक निवेदन कारखान्यांना आणि साखर आयुक्तांना द्या. गिरणी कामगारांना १८९० मध्ये रविवार मिळाला तो कामगार पुढारी नारायण मेघाजी लोखंड्यांमुळे, आणि रविवार हा खंडोबाचा वार हेही त्यांच्या मागणीतलं एक कारण होतं. आपल्याला कारणांची कमतरता नाही.

मागे राहणाऱ्या लेकरांसाठी सहा महिने आपल्या सभागृहांची दारं उघडा. सरकारने संत भगवानबाबांच्या नावाने वसतिगृहांची योजना आणली आहे, ती वाड्यावस्त्यांपर्यंत पोचायला वेळ लागेल. तोवर भक्तनिवासाच्या दोन खोल्या पुरतात. स्वयंपाकाचं आमच्या शाळेतल्या बाया बघतील, मी त्यांच्याशी बोलले आहे.

आणि निदान एक सप्ताह वैशाखात बसवा, माणसं घरी असताना.

या पत्राचं उत्तर परिषदेच्या आधी मिळावं. व्यासपीठावर मला बोलवायचं ठरलं तर पंधरा मिनिटं पुरतील. वही मी सोबत आणीन. ज्या कोणाला ती हातात घेऊन बघायची असेल त्याने बघावी, फक्त पानं सांभाळून उलटावीत, शिवण सुटत आली आहे.

आपली,
ऊसतोड कामगारांची मुलगी,
जिल्हा परिषद शिक्षिका, बीड जिल्हा